अंधारांत सांगितलेली गोष्ट

गेल्या आषाढांत सहकुटुंब नारायणगडास जाण्याचा योग आला. बीड जिल्ह्यांतील हें नगद नारायणाचें स्थान. त्या बाजूचे भाविक यास धाकटी पंढरी म्हणतात. दर्शन झालें, कीर्तन ऐकलें, आणि निघावयाच्या सुमारास डोंगरांवरून असा कांहीं पाऊस आला कीं रात्रीं तेथेंच राहणें भाग पडलें. त्यांत दिवे गेले. मुलें रडकुंडीस आलीं, तेव्हां आमच्या पुतण्यानें त्यांना जवळ घेऊन एक गोष्ट सांगावयास घेतली.

गोष्ट भुताची होती; परंतु भूत तींत एकदांहि आलें नाहीं. जुन्या वाड्यामागें एक आटलेली विहीर आहे. रात्रीं तिच्यावरील रहाट फिरल्याचा आवाज येतो, आणि सकाळीं माजघरांतील हंडे भरलेले असतात. वृद्ध सासू सुनेस एवढेंच विचारते, "पाणी कोणीं भरलें ग?" मुलें रडें विसरलीं. आमच्या मातोश्रींची जपमाळहि थांबली; मण्यांचा आवाज बंद पडला, त्यावरून तें आम्हांस कळलें.

दुसऱ्या दिवशीं परतीच्या वाटेवर पुतण्या म्हणाला, "काका, मला हेंच करावयाचें आहे. चित्रपटांसाठीं आणि दूरचित्रवाणीसाठीं भयकथा लिहावयाच्या आहेत. नोकरीचा राजीनामा लिहून ठेवला आहे."

आमचे वडील बंधु संतापले नाहींत. संतापले असते तर बरें झालें असतें. ते इतकेंच म्हणाले, "ज्या गडावर माणसें भय घालविण्यास येतात, तेथें आमच्या चिरंजीवांस भय विकण्याची बुद्धि व्हावी!" वहिनींनीं पदरानें डोळे टिपले. धाकट्या मुलीचें लग्न व्हावयाचें आहे, घराचें कर्ज फिटावयाचें आहे. त्यांची काळजी कांहीं निष्कारण नव्हती. शेवटीं निवाडा आमच्याकडे आला. तो देण्यापूर्वीं आम्हीं दोन माणसांच्या आयुष्याकडे पाहिलें. तें वाचकांपुढें ठेवावेंसें वाटतें, कारण असा पुतण्या आज पुष्कळ घरांत असेल.

पहिले राही अनिल बर्वे. त्यांची हकीकत आमच्या त्या रात्रीशीं जुळणारी आहे. १९९३ सालीं नागझिऱ्याच्या अरण्यांत एका मित्रानें त्यांस नारायण धारप यांची एक भयकथा ऐकविली. ती मनांतून जाईना. १९९७ सालीं, वयाच्या अवघ्या अठराव्या वर्षीं, त्यांनीं आपल्या चित्रपटाचा पहिला खर्डा लिहिला. 'तुंबाड' हें नांव श्री. ना. पेंडसे यांच्या 'तुंबाडचे खोत' या कादंबरीवरून घेतलें. चित्रीकरण सुरू झालें तें २०१२ सालीं. तें मनासारखें उतरलें नाहीं म्हणून पटकथा पुन्हां लिहिली, आणि २०१५ सालीं पुन्हां चित्रीकरण केलें. मितेश शहा, आदेश प्रसाद व आनंद गांधी या सहलेखकांचे हातहि त्या लेखनास लागले. चित्रपट लोकांसमोर आला १२ ऑक्टोबर २०१८ रोजीं, म्हणजे पहिल्या खर्ड्यानंतर एकवीस वर्षांनीं! आरंभीं प्रतिसाद बेताचाच होता. २०२४ सालीं तोच चित्रपट पुन्हां लावला, तेव्हां पहिल्याहून अधिक गर्दी झाली. हें ऐकून वहिनी म्हणाल्या, "एकवीस वर्षें चुलीवर काय चढवावयाचें?" या प्रश्नास आमच्यापाशीं उत्तर नव्हतें.

दुसरे रत्नाकर मतकरी. यांचा जन्म १९३८ सालचा. १९५५ सालीं, विशी गांठण्यापूर्वींच, त्यांची 'वेडी माणसं' ही एकांकिका मुंबई आकाशवाणीवरून सादर झाली. एवढा चांगला आरंभ होऊनहि त्यांनीं पुढें सुमारे वीस वर्षें बँकेंत नोकरी केली, आणि ती सांभाळूनच नाटकें, बालनाट्यें व गूढकथा लिहिल्या. नोकरी सोडली ती १९७८ सालीं. पुढें त्यांच्या गूढकथांवरील 'गहिरे पाणी' ही मालिका दूरचित्रवाणीवर आली. पंच्याहत्तरीच्या उंबरठ्यावर त्यांनीं 'इन्व्हेस्टमेंट' हा चित्रपट स्वतः लिहून दिग्दर्शित केला, आणि २०१२ सालच्या राष्ट्रीय पुरस्कारांत तो उत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला. मे २०२० मध्यें ते गेले, तोंपर्यंत लेखणी खालीं ठेवली नव्हती.

'इन्व्हेस्टमेंट'मध्यें भूत नाहीं कीं ओसाड वाडा नाहीं. मुलाचा गुन्हा झांकण्यासाठीं सुशिक्षित आईबाप कोणत्या थरास जातात, एवढेंच त्यांत आहे. 'तुंबाड'मध्यें हस्तर नांवाचा अक्राळविक्राळ देव आहे खरा; पण आमच्या अंगावर कांटा आला तो निराळ्याच ठिकाणीं. बाप आपल्या लहान मुलास त्याच लोभाच्या विहिरींत उतरण्याची तालीम देतो, तेथें. दादांच्या आक्षेपास आम्हीं हेंच उत्तर दिलें. गडावर कीर्तनकारबुवा यमयातनांचें वर्णन करूं लागले, तेव्हां तेहि सावरून बसले होते. भय दाखवून माणसास कोठें नेऊन सोडावयाचें, हा खरा प्रश्न आहे. आपल्याच घरांतील लोभ ज्यास दिसला, त्याचें पैसे देऊन भिणें फुकट गेलें नाहीं.

मात्र पुतण्यासहि आम्हीं मोकळें सोडलें नाहीं. तोंडीं गोष्टींत 'तिला भीति वाटली' असें म्हणून भागतें. पटकथेंत भागत नाहीं. डोळ्यांस जें दिसेल आणि कानांस जें ऐकूं येईल, तेवढेंच कागदावर उतरावें लागतें. मालिकेंत तर प्रत्येक भागाच्या शेवटीं प्रेक्षक पुन्हां येऊन बसेल असा धागा लोंबत ठेवावयाचा. निर्मात्याच्या एका शब्दावर रात्रींतून प्रसंग बदलावयाचे. आणि इतकें करून तें लिखाण पडद्यावर येईलच, याची हमी कोणी देत नाहीं.

निवाडा असा झाला. राजीनाम्याचा कागद मातोश्रींच्या पोथीच्या बासनांत राहील. नोकरी चालेल. माडीवरची खोली रात्रीं दहानंतर पुतण्याची. तेथें त्यास कोणीं हांक मारूं नये. दर शनिवारीं लिहिलेलें घरांत वाचून दाखवावें. एक पटकथा पुरी होऊन ती कोणीं विकत घेतली, म्हणजे कागदाचा विचार करूं. दादांनीं मान हलविली नाहीं, पण नकारहि दिला नाहीं.

पहिलें वाचन गेल्या शनिवारीं झालें. दादा वर्तमानपत्र तोंडापुढें धरून बसले होते. तासाभरांत त्यांनीं एकहि पान उलटलें नाहीं. वाचन संपल्यावर मातोश्रींनीं विचारलें, "पण ते हंडे कोणीं भरले, तें केव्हां सांगणार?"

"आजी, तें मलाहि अजून ठाऊक नाहीं," पुतण्या म्हणाला.

तो कागद बासनांत ठेवला तें बरेंच केलें, असें आम्हांस वाटलें.