गोल्डफिश की फायटर?
नवखा पुणेकर काचेचं गोल भांडं आणतो आणि हौसेनं त्यात गोल्डफिश सोडतो. बिचारा मासा! कार्पच्या कुळातला हा खादाड नीट वाढला तर वीतभर होतो, पाणीही लगेच घाण करतो. त्याला मोठी टाकी नि फिल्टर हवाच. थायलंडकडचा फायटर वर येऊन हवा गिळतो, त्यामुळे २० लिटरमध्ये एकटा खुशाल राहतो. दुसरा नर दिसला, की कल्ल्यांची झापडं फुगवून अंगावर धावलाच! पण डिसेंबरात पुण्याचा पारा १० अंशांवर उतरला, की गोल्डफिश मजेत आणि फायटर तळाशी मलूल. त्याला २५ अंशांवर लावलेला हीटर लागतो. तरी दोन खोल्यांच्या फ्लॅटसाठी मी फायटरच सुचवेन. नळाचं पाणी मात्र क्लोरीन काढूनच घाला.