रडार परदेशात चाललंय, पण विक्री किती अन् मदत किती?

'जग आपली रडार घेतंय' असा मेसेज ग्रुपवर फिरतोय. खोटा नाही, पण अर्धाच आहे.

हवेतल्या गोळ्याचा माग काढून शत्रूची तोफ कुठं आहे ते सांगणारं 'स्वाती' रडार डीआरडीओ आणि भारत इलेक्ट्रॉनिक्सनं (बीईएल) तयार केलं. २०२० मध्ये आर्मेनियानं अशी चार रडार मागवली, सौदा सुमारे ४ कोटी डॉलरचा. कारगिलच्या वेळी असं रडार आपल्याच लष्कराकडं नव्हतं, पुढं अमेरिकेकडून आणावं लागलं. म्हणून हा सौदा मोठाच.

आता आकडे बघा. २०२४-२५ मध्ये देशाची संरक्षण निर्यात २३,६२२ कोटी रुपयांवर गेली. त्याच वर्षी बीईएलची निर्यात मात्र साधारण ९०० कोटी, तीही नुसत्या रडारची नव्हे. कंपनीची उलाढाल २३ हजार कोटींच्या घरात. म्हणजे शंभरातले चार रुपये बाहेरचे. खरं गिऱ्हाईक आपलंच सैन्य.

आणि मॉरिशस, सेशेल्स, मालदीवच्या किनाऱ्यावरची आपली रडार? ती विकलेली नाहीत, मदत म्हणून बसवून दिलीत. हिंदी महासागरात चीनची जहाजं वाढलीत, त्यांच्यावर नजर हवी. पण ते धोरण झालं, धंदा नव्हे. बीईएलचे कारखाने पुण्यात आणि तळोज्यातही आहेत. तिथलं काम आजही मुख्यतः दिल्लीच्या ऑर्डरवरच चालतं.