पाठांतराचे कष्ट

मैत्रिणींनो,

मध्यंतरी आमच्या वाचनगटात नादेझ्दा मान्देलश्ताम या रशियन लेखिकेच्या आठवणी वाचायला घेतल्या होत्या. वाचन संपल्यावर एक मैत्रीण भारावून म्हणाली, "ही तर रशियातली सावित्रीच!" सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. घरी जाताना मात्र ते वाक्य मला बोचत राहिलं.

नादेझ्दाचा जन्म १८९९चा. कीव्हमध्ये आलेक्सान्द्रा एक्स्तेर या चित्रकर्तीकडे ती चित्रकला शिकत होती. १९१९ साली तिथेच तिची कवी ओसिप मान्देलश्तामशी गाठ पडली. १९३३च्या नोव्हेंबरात ओसिपने स्टालिनवर एक झोंबणारी कविता रचली आणि मोजक्या लोकांना म्हणून दाखवली. मे १९३४मध्ये रात्री पोलीस घरात शिरले आणि सकाळपर्यंत कागद उपसत राहिले. ओसिपला हद्दपारीची शिक्षा झाली. नादेझ्दा बरोबर गेली, आधी चेर्दिनला, मग व्होरोनेझला. १९३७मध्ये ती शिक्षा संपली, पण मे १९३८मध्ये त्याला पुन्हा अटक झाली. २७ डिसेंबर १९३८ रोजी व्लादिवोस्तोकजवळच्या छावणीत त्याचा मृत्यू झाला. तिने त्याच्या नावे पाठवलेलं परत आलं, तेव्हा तिला ते समजलं.

मागे उरल्या कविता. बऱ्याचशा छापलेल्या नव्हत्या आणि छापल्या जाण्याची आशाही नव्हती. ओसिप चालता चालता, ओठांनी पुटपुटत कविता रचायचा आणि ती उतरवून घ्यायची. हे कागद तिने उशांत शिवले, पातेल्यांत लपवले, विश्वासू माणसांकडे ठेवायला दिले. त्यातलेही काही गहाळ झाले. कागदाचा भरवसा नाही, हे ओळखून तिने सगळं तोंडपाठ केलं. १९३८मध्ये ती मॉस्कोजवळच्या स्त्रुनिनो गावी कापडगिरणीत रात्रपाळीला होती. यंत्रांमधून धावपळ करताना ती कविता घोकत असे. पुढे ताश्कंद, उल्यानोव्स्क, चिता, चेबोक्सारी, प्स्कोव्ह अशा गावांत इंग्रजी शिकवत ती दिवस काढत राहिली. मॉस्कोत राहण्याची परवानगी तिला थेट १९६०च्या दशकाच्या मध्यात मिळाली. सोव्हिएत देशात ओसिपच्या कवितांचा संग्रह निघायला १९७३ उजाडलं. हस्तलिखितं तिने गुपचूप देशाबाहेर पाठवली होती. ती १९७६मध्ये अमेरिकेतल्या प्रिन्स्टन विद्यापीठाकडे सोपवली गेली.

आता त्या सावित्रीबद्दल. सावित्रीने यमाकडून नवरा परत आणला. नादेझ्दाचा नवरा परत आला नाही. पण मला बोचलं ते एवढ्यासाठी नाही. पातिव्रत्य म्हटलं की काम दिसेनासं होतं. नवऱ्यासाठी केलं ना? मग त्यात विशेष ते काय, बायकोचा धर्मच तो! कविता उतरवून घेणं, नकला करणं, एकाच कवितेचे वेगवेगळे पाठ ताडून पाहणं, कोणती कधीची ते ठरवणं, हे सगळं संपादकाचं काम आहे. पुरुषाने केलं असतं तर त्याला विद्वान म्हटलं असतं. तिच्या वाट्याला आलं 'कवीची विधवा' हे बिरुद.

आणि ती काही मुकाट सोसणारी पतिव्रताही नव्हती. नवऱ्याला आपण त्याच्यावर अवलंबून असायला हव्या होतो, हे तिने स्पष्ट लिहून ठेवलं आहे. १९२५च्या सुमारास तो दुसरीत गुंतला तेव्हा तिने सामान बांधायला घेतलं होतं, हेही लपवलेलं नाही. तिची स्वतःची चित्रकला मागे पडली ती पडलीच. मग साठीच्या आसपास तिने आपल्या आठवणी लिहायला घेतल्या. माणसं एकमेकांची चुगली का करतात, भीती घराघरांत कशी शिरते, ही साक्ष तिची स्वतःची आहे. पहिलं पुस्तक १९७०मध्ये आणि दुसरं १९७२मध्ये देशाबाहेर छापलं गेलं. दुसऱ्यात तिने अनेकांवर कडक शेरे मारले. त्याविरुद्ध लीदिया चुकोव्स्काया या लेखिकेने लेखणी उचलली. म्हणून नादेझ्दाला मखरात बसवू नये. १९८०च्या डिसेंबरात ती गेली.

ती एकटीही नव्हती. व्होरोनेझच्या शिक्षिका नताशा श्टेम्पेल यांनी महायुद्धात शहर सोडताना ओसिपच्या कवितांच्या वह्या बरोबर नेल्या. चुकोव्स्कायाने आन्ना आख्मातोवाच्या कविता पाठ केल्या, कारण त्यांचे चिटोरे वाचून लगेच जाळावे लागत. येलेना बुल्गाकोवाने नवऱ्याची कादंबरी १९४०पासून ती छापली जाईपर्यंत, म्हणजे १९६६ सालापर्यंत जपली. आणि स्त्रुनिनोत नादेझ्दावर पोलिसांची नजर वळली तेव्हा तिथल्या साध्या कामगार शेजाऱ्यांनी तिला लगेच निघून जायला सांगितलं आणि प्रवासासाठी पैसेही दिले. अशा हातांमुळे एका कवीचं बरंचसं लेखन वाचलं. हे हात कवितासंग्रहाच्या मुखपृष्ठावर दिसत नाहीत.

आता आपल्या दारात पाहू. आपल्या गटांची इतिवृत्तं कोणी लिहिली? मोर्च्यांची पत्रकं, पीडित बायकांचे जबाब, जुने अंक कोणाच्या पलंगाखालच्या पेटीत आहेत? बहुतेक ठिकाणी अशी एखादी मैत्रीण असतेच. तिला आपण 'मदतनीस' म्हणतो आणि भाषणाला दुसरीलाच बोलावतो. या तिमाहीत एवढं करा. तिच्या घरी जा, ती पेटी उघडा आणि तिला काय आठवतं ते लिहून घ्या. आणि खाली तिचं नाव लिहा, तिचं स्वतःचं.

सस्नेह,
संपादक