झाडे मोजायची, की त्यांची नाती?

लग्नघरातली पंगत डोळ्यांसमोर आणा. एका ओळीत दहा पाने मांडली आहेत आणि बसलेले दहाही जण एकाच आजोबांची नातवंडे. समोरच्या ओळीतही दहाच जण, पण कोणी नागपूरचे, कोणी इंदूरचे, कोणी बेळगावचे. कोणाचे कोणाशी नाते नाही. वाढप्याच्या हिशेबात दोन्ही ओळी सारख्याच. पण घराणी किती आली असे विचारले, तर पहिल्या ओळीत एक आणि दुसरीत दहा!

जंगल मोजतानाही हाच पेच पडतो. रस्त्यासाठी झाडे तोडायची ठरली की ‘एक तोडले तर दहा लावू’ असे आश्वासन आपण ऐकतो. आकडा ऐकून बरे वाटते. पण हा वाढप्याचा हिशेब झाला. गेले काय आणि आले काय, हे त्यातून कळत नाही. ते कळावे म्हणून वनस्पतिशास्त्राने गणिताची मदत घेतली आहे. हे गणित घाबरण्यासारखे अजिबात नाही.

आधी वाटणी पाहू

एका बागेत १०० झाडे आहेत: ९० अशोक, १० कडुनिंब. दुसऱ्या बागेतही १०० आहेत: ५० अशोक, ५० कडुनिंब. दोन्हीकडे झाडे तितकीच आणि जातीही दोनच. मग फरक कसा दाखवायचा?

ब्रिटिश संख्याशास्त्रज्ञ एडवर्ड सिम्पसन यांनी १९४९ मध्ये त्यावर सोपी युक्ती मांडली. दुसऱ्या महायुद्धात हे गृहस्थ शत्रूचे गुप्त संदेश उलगडण्याचे काम करत होते. त्यांची युक्ती अशी: डोळे मिटून एका झाडावर बोट ठेवा, मग पुन्हा एकदा ठेवा. दोन्ही वेळा वेगळी जात मिळण्याची शक्यता किती? पहिल्या बागेत ती १०० पैकी १८, दुसऱ्या बागेत १०० पैकी ५०. म्हणजे दुसरी बाग जास्त विविध.

पण या हिशेबात आंबा आणि काजू जितके वेगळे, तितकेच आंबा आणि नारळ वेगळे. नाते कुठेच मोजले जात नाही.

चाफ्यांची फसवी भावकी

नाते ओळखणे वाटते तितके सोपे नसते. आपला चाफाच घ्या. सोनचाफा आणि देवचाफा ही नावे ऐकून सख्खे भाऊ वाटतात. प्रत्यक्षात देवचाफ्याची भावकी कण्हेर आणि सदाफुलीशी. सोनचाफा मॅग्नोलियाच्या घराण्यातला, आणि त्याला जवळचा म्हणावा असा हिरवा चाफा चक्क सीताफळाच्या कुळातला!

पूर्वी अशी नाती फुला-पानांच्या रचनेवरून ठरत. आता त्याला डीएनएची जोड मिळाली आहे. डीएनए म्हणजे चार अक्षरांत लिहिलेला लांबलचक मजकूर. निरनिराळ्या वनस्पतींमधले एकच जनुक घ्यायचे आणि अक्षरे कुठे कुठे बदलली ते मोजायचे. साधारणपणे फरक कमी तर नाते जवळचे, फरक जास्त तर लांबचे. १९९३ मध्ये ४० हून अधिक संशोधकांनी मिळून सुमारे ५०० वनस्पतींमधले एक जनुक असे ताडून पाहिले आणि बीज धरणाऱ्या वनस्पतींचा मोठा वंशवृक्ष तयार केला.

फांद्यांची बेरीज

वंशवृक्ष हाती आल्यावर पुढचे गणित म्हणजे साधी बेरीज. ऑस्ट्रेलियातले संशोधक डॅनियल फेथ यांनी ते १९९२ मध्ये सुचवले होते.

समजा, वंशवृक्षाच्या मुळापासून आजच्या टोकापर्यंतचे अंतर १०० पावले आहे. एका शेतात आंबा, काजू आणि बिब्बा आहेत. तिघेही एकाच कुळातले. ९० पावले ते एकाच फांदीवरून आले आणि शेवटची १० पावले वेगवेगळे चालले. एकूण फांदी ९० अधिक ३०, म्हणजे १२० पावले. दुसऱ्या शेतात आंबा, सोनचाफा आणि नारळ आहेत. त्यांच्या वाटा फार पूर्वीच फुटल्या, म्हणून बेरीज ३०० च्या जवळ जाते. आकडे समजण्यापुरते आहेत, पण मुद्दा खरा आहे: जाती दोन्हीकडे तीनच, तरी दुसरे शेत उजाड झाले तर वंशवृक्षाचा कितीतरी मोठा भाग जाईल.

केपमधला धडा

आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला केपचा प्रदेश आहे. तिथे सुमारे ९,००० जातींच्या वनस्पती आढळतात आणि त्यांतल्या दोन तृतीयांशांहून अधिक जगात दुसरीकडे कुठेही आपोआप उगवत नाहीत. जातींच्या संख्येत पश्चिम केप पूर्वेपेक्षा सरस. मग जपायचे तर पश्चिमच, असे कोणीही म्हणेल.

फेलिक्स फॉरेस्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ मध्ये फांद्यांची बेरीज करून पाहिली. जवळच्या जातींचे गट किती आहेत, यावरून बेरीज किती यायला हवी आणि प्रत्यक्षात किती येते, याची त्यांनी तुलना केली. पश्चिमेत बेरीज अपेक्षेपेक्षा कमी भरली. कारण तिथल्या कितीतरी जाती थोड्याच घराण्यांतून, तुलनेने अलीकडे फुटलेल्या. पूर्वेत मात्र गर्दी कमी, पण घराणी दूरदूरची. नुसत्या संख्येवर विसंबले असते, तर पूर्वेची ही श्रीमंती नजरेतून सुटली असती.

याचा आपल्याशी काय संबंध? रक्ताच्या कर्करोगावरचे एक महत्त्वाचे औषध सदाफुलीतून मिळाले. अंगणातल्या या साध्या फुलझाडात ते असेल, हे आधी कोणाला ठाऊक होते? उद्याचे औषध कोणत्या फांदीवर आहे हे माहीत नसेल, तर जास्तीत जास्त वेगळ्या फांद्या राखून ठेवणे हेच शहाणपण.

अर्थात ही बेरीज म्हणजे सर्वस्व नव्हे. नर्सरीतून ५० कुळांची रोपे आणून लावली तर आकडा फुगेल, पण त्याचे जंगल होणार नाही. पक्षी, कीटक, माती आणि पाणी यांच्याशी जुळलेला संसार एका बेरजेत मावत नाही. पण ‘किती झाडे’ या प्रश्नाला ‘किती घराणी’ हा प्रश्न जोडला, तर निर्णय नक्कीच अधिक डोळसपणे घेता येईल.

या रविवारी करून पाहा

मुलांना घेऊन जवळच्या बागेत जा. दहा पावले लांब आणि दहा पावले रुंद असा चौकोन आखा. त्यातल्या झाडा-झुडपांची नावे लिहा आणि प्रत्येकाची संख्या मांडा. मग कोण कोणाच्या कुळातले, हे पुस्तकात शोधा. देवचाफा किंवा कण्हेर दिसली तर लांबूनच पाहा. त्यांचा चीक त्रासदायक असतो आणि कण्हेर तर विषारीच.

आता वहीत दोन आकडे असतील: झाडे किती आणि घराणी किती. पुढच्या वेळी कोणी ‘एक तोडले तर दहा लावू’ म्हणाले, तर एवढेच विचारा: दहा कोण कोण?