इब्राहिमखान गारदी आपला जामीनदार नाही

दरवर्षी १४ जानेवारीला, पानिपतच्या लढाईच्या दिवशी, आपल्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक पोस्ट फिरते. मध्ये तोफ, मागे भगवा आणि हिरवा रंग, खाली मजकूर: 'मराठ्यांसाठी प्राण देणारा मुस्लिम सेनापती इब्राहिमखान गारदी.' १७ सप्टेंबरच्या आसपास, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनाच्या निमित्ताने कुणी 'निजामाची औलाद' म्हणून हिणवलं, की उत्तर म्हणून तीच पोस्ट पुन्हा बाहेर निघते. पाठवणाऱ्याचा हेतू कळतो. त्याला एवढंच सांगायचं असतं की आम्हीही इथलेच आहोत. पण हे सांगण्याची ही रीत चुकीची आहे. तिच्यामुळे गारद्यावरही अन्याय होतो आणि आपल्यावरही.

आधी गारदी कोण होता ते पाहू. आपल्या औशाशी त्याचा थेट संबंध आहे, तो आपल्यातल्या अनेकांना ठाऊक नसतो.

इब्राहिमखान तयार झाला तो फ्रेंच सेनानी बुसीच्या हाताखाली. निजामाच्या दरबारात १७५१ पासून बुसीचं वजन होतं. त्याने दख्खनमध्ये कवायती पायदळ उभं केलं. रांगेत उभं राहायचं, हुकूम होताच एकत्र गोळी झाडायची, तोफखान्याबरोबर पुढे सरकायचं आणि महिन्याच्या महिन्याला रोख पगार घ्यायचा. 'गारदी' हा शब्दही फ्रेंच 'गार्द'वरून आला असं मानतात. १७५८ मध्ये बुसीला दख्खनमधून परत बोलावण्यात आलं. इब्राहिमखान काही काळ निजामअलीकडे राहिला, तिथे जमलं नाही आणि १७५९ मध्ये सदाशिवरावभाऊने त्याला पेशव्यांच्या चाकरीत घेतलं. ज्या कौशल्याला बाजारात मागणी होती ते त्याच्याकडे होतं. आज कंपनी बदलणाऱ्या इंजिनिअरला कुणी गद्दार म्हणत नाही. त्या काळात चांगल्या तोफखाना अधिकाऱ्यालाही कुणी म्हणत नसे.

त्याच वर्षी पुण्यात आणखी एक गोष्ट घडली. इब्राहिमखानाच्याच नात्यातल्या मुजफ्फरखान गारद्याने भाऊला मारण्याचा कट केला. कट फसला आणि मुजफ्फरखानाला देहदंड झाला. तरीही इब्राहिमखानावरचा भाऊचा विश्वास ढळला नाही. एक गारदी उलटला म्हणून सगळे गारदी उलटे, असा हिशोब भाऊने केला नाही. अडीचशे वर्षांपूर्वीच्या एका सेनापतीला जे कळत होतं, ते आजच्या टीव्हीवरच्या चर्चेत कळेनासं झालं आहे.

जानेवारी १७६० मध्ये भाऊची फौज उदगीरला निजामाच्या फौजेला भिडली. सलाबतजंग आणि निजामअली तोफांचं कडं करून, रेटत रेटत औशाच्या दिशेने सरकत होते. धारूरला कुमक गाठायची असा त्यांचा बेत होता. मराठी घोडदळ भोवती घिरट्या घालत होतं, पण तोफांच्या कड्यात नुसतं घोडदळ शिरत नाही. तिथे तोफेला तोफ लागते. इब्राहिमखानाचा तोफखाना त्या कामी आला. फेब्रुवारीच्या सुरुवातीला औशाजवळ मोठी लढाई झाली आणि निजामाला तह करावा लागला. सुमारे ६० लाखांचा मुलूख आणि दौलताबाद, अशीरगड, बऱ्हाणपूर, विजापूर अशी मोठी ठाणी त्याने सोडली. तोवर उत्तरेत दत्ताजी शिंदे पडल्याची बातमी आली होती. आपल्याच मराठवाड्यातल्या परतूरहून मार्च १७६० मध्ये भाऊ उत्तरेकडे निघाला. बरोबर इब्राहिमखान होता.

पानिपतात काय झालं, ते सांगणारा एक महत्त्वाचा साक्षीदार म्हणजे काशीराज पंडित. हा मूळचा दक्षिणी ब्राह्मण, पण चाकरी शुजाउद्दौल्याची. म्हणजे तो अब्दालीच्या बाजूच्या गोटात बसून लढाई पाहत होता. तो सांगतो की इब्राहिमखानाजवळ सुमारे नऊ हजार पायदळ आणि चाळीस तोफा होत्या. लढाईच्या सकाळी इब्राहिमखान भाऊपुढे गेला आणि पगाराचं बोलला. माझ्या माणसांना दरमहा पगार हवा, हा माझा हट्ट तुम्हाला आवडत नव्हता, या महिन्याचा तर मिळालाच नाही, पण आज आम्ही खाल्लेल्या मिठाला जागून दाखवतो, असा त्याचा आशय होता. मग दोन पलटणी बाजू राखायला ठेवून सात पलटणींनिशी तो रोहिल्यांवर तुटून पडला. त्याच्या सहा पलटणी जवळजवळ संपल्या. तो स्वतः जखमी होऊन पकडला गेला.

पुढचा प्रसंग आपल्या पोस्टमध्ये कधीच नसतो. काशीराजाच्या हकिगतीप्रमाणे रक्ताने भिजलेल्या कपड्यांत इब्राहिमखानाला अब्दालीपुढे उभं केलं गेलं. तुझ्यासारख्या शूराची ही दशा कशी, असं अब्दालीने विचारलं. त्यावर तो म्हणाला की नशीब कुणाच्या हातात नसतं, माझा धनी मारला गेला आणि मी कैदी झालो, मी जगलो आणि तुम्ही चाकरीत घेतलंत तर भाऊची केली तशीच तुमची सेवा करीन. पण तो जगला नाही. आठवड्याभरात अब्दालीच्या वजिराच्या कैदेत त्याचा अंत झाला. जखमांना विष लावलं, असं काशीराज लिहितो.

हे वाचून काही जण नाराज होतील. आपल्याला हवा असलेला बाणेदार संवाद इथे नाही. पण मला हा इब्राहिमखान पोस्टरवरच्या इब्राहिमखानापेक्षा मोठा वाटतो. तो पगाराचं उघड बोलला, माणसांच्या हक्कासाठी धन्याशी भांडला आणि पगार थकलेला असताना पूर्ण काम करून दाखवलं. त्याची निष्ठा खरी होती, पण ती चाकरीची निष्ठा होती. धर्माशी किंवा राष्ट्राशी तिचा संबंध जोडणं ही आपली आजची गरज आहे, त्याची नव्हती.

त्याच मैदानावर अनूपगिर गोसाव्याचे नागा साधू शुजाच्या फौजेत, म्हणजे अब्दालीच्या बाजूने उभे होते. बाजीराव-मस्तानीचा मुलगा समशेरबहाद्दर भाऊच्या बाजूने लढला आणि जखमांनी मेला. १७५७ मध्ये पेशव्यांच्या फौजेने सिंदखेडला ज्याला कोंडलं, तो रामचंद्र जाधवराव निजामाचा सरदार होता आणि जिजाऊंच्या माहेरच्या घराण्यातला होता. धर्मावरून बाजू ठरत असती तर यातला एकही माणूस होता तिथे दिसला नसता.

मग सेनापतीला देशनिष्ठेचा प्रश्न विचारता येतो तो कधी? याचं उत्तर शंभर वर्षांनंतरच्या अमेरिकेत सापडतं. जॉर्ज थॉमस आणि रॉबर्ट ली हे दोघेही व्हर्जिनियाचे. दोघांनी वेस्ट पॉइंटला लष्करी शिक्षण घेतलं. टेक्सासमध्ये दोघे एकाच घोडदळ रेजिमेंटमध्ये अधिकारी होते. १८६१ मध्ये गुलामगिरी टिकवू पाहणारी दक्षिणेतली राज्यं फुटून निघाली. लीने राजीनामा दिला आणि तो आपल्या राज्याबरोबर गेला. थॉमस घेतलेल्या शपथेबरोबर राहिला. त्याच्या घरीही गुलाम होते. बहिणींनी त्याची तसबीर भिंतीकडे तोंड करून ठेवली, असं सांगतात. १८६३ मध्ये चिकामॉगाला सगळी आघाडी कोसळत असताना तो जागचा हलला नाही. १८६४ च्या डिसेंबरात नॅशव्हिलला त्याने दक्षिणेची एक फौज मोडून काढली. १८७० मध्ये तो वारला, तेव्हा माहेरचं-सासरचं म्हणावं असं व्हर्जिनियाचं रक्ताचं माणूस अंत्यविधीला नव्हतं. लीचा भव्य पुतळा मात्र १८९० मध्ये रिचमंडमध्ये उभा राहिला, तो २०२१ मध्ये उतरवावा लागला.

ली आणि थॉमसला आपण निष्ठेचा जाब विचारू शकतो, कारण त्यांच्यासमोर लिखित संविधान होतं, त्याची शपथ होती आणि माणसाला विकायचं की नाही हा सवाल होता. इब्राहिमखानासमोर यातलं काहीच नव्हतं. तिथे धनी होता आणि मीठ होतं. थॉमसचं माप गारद्याला लावणं चूक आहे. आणि गारद्याचं माप आपल्याला लावणं त्याहून मोठी चूक आहे. आपण कुणाचे चाकर नाही. १९५० पासून आपण नागरिक आहोत, आणि नागरिकाची निष्ठा संविधानाशी असते. ती तपासायची तर माझं वागणं तपासा. माझा पणजोबा कुणाच्या फौजेत होता हे विचारू नका.

यावर कुणी म्हणेल, समोरचा इतिहास घेऊन अंगावर येतो, मग आपण गप्प बसायचं का? गप्प बसू नका. पण जमाखर्चाचा नियम ध्यानात ठेवा. गारदी आपल्या नावावर जमा धरला, की रझाकारही आपल्याच नावे पडतो. रझाकारांचा म्हातारा नव्हे, त्यांचा म्होरक्या कासीम रझवी लातुरात वकिली करत होता. इब्राहिमखानाचं पुण्य मला मिळत असेल, तर रझवीचं पाप मी कुठल्या तोंडाने नाकारू? दोन्ही नाकारायला हवं. रझाकारांनी जे केलं ते गुन्हे होते, असं स्वच्छ म्हणायचं. ऑगस्ट १९४८ मध्ये त्यांनी मारलेल्या 'इमरोज'च्या संपादकाचं, शोएबुल्लाखानांचं नाव घ्यायचं, तेही एका निर्भय पत्रकाराचं नाव म्हणून. आपल्या बचावाचा कागद म्हणून त्यांनाही वापरायचं नाही.

जामीनदार आरोपीला लागतो. दर वेळी नवा जामीनदार शोधत बसलो, तर आपण आरोपी आहोत हे आपणच कबूल करतो. आणि एका जामीनदाराने कुणाचं समाधान होत नाही. आज गारदी दिला, तर उद्या दुसरा मागतील.

म्हणून एक साधी सूचना. पुढच्या फेब्रुवारीत औशाच्या किल्ल्यावर सगळ्या जातिधर्मांची दहा-पंधरा मुलंमुली जमवा. १७६० ची लढाई कुठून कुठे सरकली ते नकाशावर दाखवा. काशीराजाची हकिगत वाचा, अब्दालीपुढच्या उत्तरासकट. गोसाव्यांबद्दल बोला, जाधवरावांबद्दल बोला, मुजफ्फरखानाबद्दलही बोला. पोस्टर छापू नका. आपल्या गावाशेजारी घडलेली गोष्ट पूर्ण माहीत असणं, हा या मातीतल्या प्रत्येक मुलाचा हक्क आहे, आणि तो बजावायला कुणाची परवानगी लागत नाही.