पडद्यामागचे शेठजी

सिनेमा पाहून आलेल्या माणसाला नट-नट्या आठवतात, गाणी आठवतात, फार तर दिग्दर्शकाचं नाव आठवतं. निर्मात्याचं नाव पाटीवर येतं तेव्हा अर्धं थिएटर अजून अंधारात खुर्ची चाचपत असतं! ताराचंद बडजात्यांचं तसंच झालं. ‘राजश्री’ हे नाव घरोघरी पोचलं, शेठजी मात्र मागेच राहिले.

१९१४ साली राजस्थानातल्या कुचामन गावी त्यांचा जन्म झाला. शिक्षण कोलकात्यात. १९३३ साली ‘मोतीमहल थिएटर्स’ या कंपनीत ते उमेदवारीला लागले, तेही बिनपगारी. धंदा होता चित्रपट वितरणाचा. निर्मात्याकडून एखाद्या प्रांताचे हक्क घ्यायचे, गावोगावच्या थिएटरांना प्रिंट पुरवायच्या आणि खेळागणिक गल्ल्याचा हिशेब ठेवायचा. या कामात झगमगाट नाही, पण कुठल्या गावाला काय रुचतं हे त्यातूनच कळतं.

१५ ऑगस्ट १९४७ रोजी, देश स्वतंत्र झाला त्याच दिवशी, त्यांनी ‘राजश्री पिक्चर्स’ ही स्वतःची वितरण संस्था काढली. पुढची पंधरा वर्षं दुसऱ्यांचे सिनेमे विकले. मग १९६२मध्ये स्वतःचा ‘आरती’ काढला. अशोककुमार, मीनाकुमारी, प्रदीपकुमार अशी नामवंत मंडळी त्यात होती.

खरा जुगार दोन वर्षांनी खेळला गेला. ‘दोस्ती’चे नायक होते एक अपंग आणि एक अंध मुलगा. नायिका नाही, प्रेमप्रकरण नाही, भूमिकांत नवखी पोरं. त्याच १९६४ साली राज कपूरचा भव्य, रंगीत ‘संगम’ आला होता. तरीही ‘दोस्ती’ तुफान चालला आणि सर्वोत्कृष्ट चित्रपटासह सहा फिल्मफेअर पारितोषिकं घेऊन गेला. लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांना पहिलं फिल्मफेअर मिळालं ते याच चित्रपटासाठी.

तेव्हापासून शेठजींचा हिशेब पक्का झाला. गोष्ट चांगली हवी, गाणी गुणगुणण्यासारखी हवीत आणि सिनेमा आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांना एकत्र बसून पाहता यायला हवा. गोष्टीसाठी ते कुठल्याही भाषेच्या दारात जात. ‘दोस्ती’ची कथा बंगालीतली. राजा ठाकूर यांच्या ‘मुंबईचा जावई’वरून १९७२मध्ये ‘पिया का घर’ झाला आणि आपल्या चाळीतली जागेची अडचण साऱ्या देशाने पाहिली. ‘गीत गाता चल’, ‘अंखियों के झरोखों से’ आणि ‘नदिया के पार’ या तिन्हींचा नायक आपला सचिन! ‘सौदागर’, ‘चितचोर’ला संगीत देणाऱ्या रवींद्र जैन यांना जन्मापासून दृष्टी नव्हती. शेठजींनी त्यांचे सूर पाहिले.

सत्तरच्या दशकात पडद्यावर मारामारीचा जमाना आला, तरी शेठजींनी आपला मार्ग सोडला नाही. त्याची किंमतही मोजली. १९८४मध्ये त्यांनी माधुरी दीक्षितला पहिली संधी दिली तो ‘अबोध’ साफ पडला. त्याच वर्षीच्या ‘सारांश’मध्ये अठ्ठावीस-एकोणतीस वर्षांचा अनुपम खेर म्हाताऱ्या प्रधान मास्तरांच्या भूमिकेत उभा राहिला. परदेशात मारल्या गेलेल्या मुलाच्या अस्थींसाठी कचेरीत झगडणारा तो बाप कोण विसरेल? ऑस्करसाठी भारताची प्रवेशिका म्हणून ‘सारांश’ गेला. पण मानसन्मानाने तिजोरी भरत नाही. घरोघरी व्हिडिओ आला होता, थिएटरं ओस पडत होती आणि कंपनीचे दिवस कठीण होते.

अशा वेळी शेठजींच्या संस्थेने डाव लावला तो घरातल्याच पोरावर. नातू सूरज पंचविशीचा, पहिलाच सिनेमा. नायक सलमान खान, तोवर लोकांना फारसा ठाऊक नसलेला. नायिका सांगलीच्या पटवर्धन घराण्यातली भाग्यश्री, तीही नवीन. डिसेंबर १९८९मध्ये ‘मैंने प्यार किया’ लागला आणि थिएटरांपुढे पुन्हा रांगा लागल्या.

२१ सप्टेंबर १९९२ रोजी ताराचंदजी गेले. दोन वर्षांनी सूरजने आजोबांच्याच ‘नदिया के पार’ची गोष्ट शहरी वेशात मांडली. तो ‘हम आपके हैं कौन’. त्या सिनेमाला लोक सहकुटुंब गेले, सासूबाई आणि सूनबाई शेजारी-शेजारी बसल्या. शेठजींनी तीस वर्षं ज्या प्रेक्षकावर भरवसा ठेवला होता, तो हाच!