आडनावावरून मराठीपण मोजू नका

"तुम्ही मराठी छान बोलता हो!" सावलीत लहानाचं मोठं झालेल्या मला हे कौतुक नाव सांगताच ऐकावं लागतं. त्यामागचा समज असा: शेख, पठाण, सय्यद ही नावं बाहेरची, म्हणून माणसंही बाहेरची.

मग हाच न्याय सगळ्यांना लावू. फडणवीस, चिटणीस यांतला 'नवीस' फारसी, अर्थ लिहिणारा. मुजुमदारांमधला 'दार'ही फारसीच. आपल्या चांद्याचे गोंड राजे नावापुढे 'शाह' लावत; तोही फारसी शब्द. मालोजी भोसल्यांनी अहमदनगरच्या शाह शरीफ यांच्या नावावरून मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, असं परंपरा सांगते. यांना कुणी परकं म्हणत नाही, म्हणूही नये. उलट पाटील, देशमुख ही आडनावं मुसलमानांतही आहेत.

पण मित्रमैत्रिणींनो, बोट आपल्याकडेही वळवू या. तांबोळी पानाचा, शिकलगार धार लावण्याचा, पिंजारी कापूस पिंजण्याचा धंदा सांगतो. ही इथल्या कष्टाची नावं. ती लपवावीशी का वाटतात? सोयरीक जुळवताना सय्यद वरचा आणि पिंजारी खालचा कसा होतो? राज्यघटनेचं कलम 15 सरकारला धर्म-जातीवरून भेदभाव करू देत नाही. तो हक्क बाहेर मागायचा आणि घरात भेद पाळायचा, हे चालणार नाही.

वर्गात, अर्जावर, नोकरीच्या मुलाखतीत आपलं नाव पूर्ण सांगा. आणि लग्नाच्या बोलणीत आडनावाची चौकशी आधी आपणच थांबवू या.